अण्वस्त्रबंदी करार आणि भारत : एक खुलासा

संयुक्त राष्ट्रांचा अण्वस्त्रबंदी करार 22 जानेवारी 2021 रोजी अमलात आल्यापासून भारताची अण्वस्त्रे बेकायदा ठरली आहेत, असा दावा समाजमाध्यमांवर फिरत आहे. तो चुकीचा आहे. करारावर भारताने सही केलेली नाही, त्याच्या वाटाघाटींतही भाग घेतलेला नाही. आणि राष्ट्रांमधील करारांचे नियम घालून देणाऱ्या 1969 च्या व्हिएन्ना करारकायद्याचे कलम 34 स्पष्ट सांगते की, संमतीवाचून कोणत्याही करारातून त्रयस्थ राष्ट्रावर बंधने येत नाहीत किंवा त्याला हक्कही मिळत नाहीत. गंमत म्हणजे या व्हिएन्ना करारातही भारत सामील नाही. मात्र हे तत्त्व मुळात रूढ आंतरराष्ट्रीय कायद्याचे असल्याने ते भारतालाही लागू पडते.

खरी मेख या 'रूढ' शब्दातच आहे. करारातील एखादा नियम राष्ट्रांच्या व्यापक व सातत्यपूर्ण आचरणातून रूढ कायदा बनला, तर तो सही न करणाऱ्यांनाही बांधू शकतो. परंतु तसे सिद्ध करणे सोपे नाही : 1969 मध्येच उत्तर समुद्राच्या सागरमग्न खंडभूमीच्या (किनाऱ्यालगत समुद्राखाली पसरलेल्या जमिनीच्या) हद्दीच्या खटल्यात, त्या विषयावरील 1958 च्या करारावर सही करूनही त्याला मान्यता न दिलेल्या पश्चिम जर्मनीवर त्यातील समदूरत्वाचा (हद्द दोन्ही किनाऱ्यांपासून सारख्या अंतरावर आखण्याचा) नियम आंतरराष्ट्रीय न्यायालयाने लादला नाही. अण्वस्त्रबंदीच्या बाबतीत तर सर्वच अण्वस्त्रधारी राष्ट्रे कराराबाहेर आहेत, आणि हा करार रूढ कायद्याच्या घडणीत भर घालत नाही, अशी भारताची जाहीर भूमिका आहे.

याचा अर्थ बाहेर राहिल्याने झळ बसतच नाही, असा मात्र नव्हे. अण्वस्त्रप्रसारबंदी या वेगळ्या कराराबाहेर राहिलेल्या भारताला 1974 च्या पोखरण चाचणीनंतर उभ्या राहिलेल्या अणुपुरवठादार गटाचे (अणुसाहित्य निर्यात करणाऱ्या राष्ट्रांच्या गटाचे) निर्बंध 2008 च्या सवलतीपर्यंत सोसावे लागले; पण तो इतर राष्ट्रांच्या निर्यातधोरणाचा परिणाम होता, भारतावरील कायदेशीर बंधन नव्हे.