सिड बॅरेट भिकारी होऊन मेला म्हणे!

काल ताईने फॅमिली ग्रुपवरचा एक फॉरवर्ड मला पाठवला, खाली लिहिलं "तूच गिटार आणून दिलीस ना त्याला, आता वाच." त्याला म्हणजे भाच्याला. फॉरवर्ड असा: पिंक फ्लॉइड बँड काढणाऱ्या सिड बॅरेटने एकदाच एलएसडी (भास घडवणारं ड्रग) घेतली, त्याच रात्री वेडा झाला, मित्रांनी हाकलून त्याचे पैसे खाल्ले आणि तो चाळीस वर्षं वेड्यांच्या इस्पितळात कोंडून भिकारी मेला. सोबत एका टकल्या माणसाचा फोटो, "हॉस्पिटलमधला शेवटचा फोटो".

फोटो बघूनच डोकं फिरलं. अहो तो ५ जून १९७५ चा आहे, लंडनच्या अ‍ॅबी रोड स्टुडिओतला! सिड स्वतःच्या पायाने तिथे आला होता, केस नाहीत, भुवया पण काढलेल्या, अंग सुटलेलं, आणि बँडमधले जुने मित्र नेमकं त्याच्यावरच्याच गाण्याचं काम करत बसलेले, त्यांना आधी तो ओळखूच आला नाही. यात हॉस्पिटल कुठून आलं?

आणि "शेवटचा"? त्यानंतर माणूस ३१ वर्षं जगला. केंब्रिजला आईच्या घरी राहिला, चित्रं काढायचा, बागकाम करायचा, सायकलवरून सामान आणायचा. जुलै २००६ मध्ये साठाव्या वर्षी कॅन्सरने गेला. त्यानंतर त्याची बहीण रोझमेरी एका इंग्लिश पेपरशी बोलली, की मध्ये काही काळ तो एका खाजगी संस्थेत होता पण नंतरच्या वर्षांत मानसिक आजाराचे कसलेही उपचार चालू नव्हते. आता बहीण आहे, थोडं झाकूनही बोलली असेल, पण नेमाने त्याच्याकडे जाणारी तीच होती, फॉरवर्डवाला नव्हता.

भिकारी तर अजिबात नाही. मागे दहा लाख पाउंडांहून जास्त ठेवून गेला. नुसत्या घरातल्या सामानाच्या लिलावाचे सव्वा लाख पाउंडांच्या आसपास आले.

मित्रांचं अर्धं खरं आहे, मान्य. जानेवारी १९६८ मध्ये कार्यक्रमाला जाताना त्याला घ्यायला गाडी वळवलीच नाही, एवढ्यावर विषय संपवला, ते वाईटच. पण नंतर त्याचा पहिला सोलो अल्बम पूर्ण करायला बँडमधलेच गिल्मर आणि वॉटर्स बसले, आणि रॉयल्टी त्याच्यापर्यंत पोचते का ते गिल्मर बघायचा.

एलएसडी. घ्यायचा, भरपूर घ्यायचा, १९६७ मध्ये स्टेजवर नुसता उभा राहायचा किंवा एकच कॉर्ड वाजवत बसायचा. पण "एकदा घेतली आणि त्याच रात्री" हे कुणी पाहिलं? खुद्द गिल्मरचं म्हणणं की तो कोसळलाच असता, एलएसडीने फार तर घाई केली. आणि त्याचा गिटारच्या क्लासशी काय संबंध ते ताईच जाणे.

हा फॉरवर्ड मुळात मामाने टाकलाय. ग्रुपवर उत्तर दिलं तर दिवाळीपर्यंत बोलणार नाही, म्हणून इथे लिहिलं.