‘वाईट विचार येऊच देऊ नका’ म्हणणाऱ्या फॉरवर्डला मुद्देसूद उत्तर

एक लांबलचक मेसेज सध्या नातेवाइकांच्या ग्रुपपासून सोसायटीच्या ग्रुपपर्यंत फिरतोय. प्रत्येक ठिकाणी शब्द थोडे इकडेतिकडे होतात, पण मजकूर साधारण असा: हल्लीचे समुपदेशक ‘ॲक्सेप्टन्स अँड कमिटमेंट थेरपी’ नावाचं खूळ घेऊन आलेत. वाईट विचार आला तर येऊ द्या म्हणतात. खरं तर वाईट विचार आला की लगेच त्याच्या जागी चांगला विचार आणायचा असतो. स्वीकार करा म्हणजे हार माना. हे सगळं गीतेत आधीच आहे, वर त्यासाठी पैसे मोजायचे. ही श्रीमंतांची रिकामपणाची दुखणी आहेत. आणि मन खंबीर असेल तर गोळ्यांचीही गरज पडत नाही.

लिहिणाऱ्याचा हेतू वाईट असेल असं मला वाटत नाही. पण ज्याला खरंच रात्री झोप लागत नाही, त्याच्या हातात असला मजकूर पडला की तो आणखी खचतो. म्हणून एकेक मुद्दा घेऊ.

‘वाईट विचाराच्या जागी चांगला विचार आणा’

डॅनियल वेग्नर या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाचा 1987 मधला प्रयोग प्रसिद्ध आहे. विद्यार्थ्यांना सांगितलं, पाच मिनिटं मनात येईल ते बोलत राहा, फक्त पांढऱ्या अस्वलाचा विचार करू नका. आलाच तर समोरची घंटी वाजवा. घंटी वाजत राहिली. खरी गंमत पुढे आहे. नंतर त्याच मुलांना ‘आता खुशाल अस्वल आठवा’ म्हटलं, तेव्हा ज्यांना सुरुवातीपासूनच मोकळीक होती त्यांच्यापेक्षाही या मुलांच्या मनात अस्वल जास्त वेळा आलं. विचार आला तर नाही ना, हे तपासायलासुद्धा मनाला त्याच विचाराची आठवण ठेवावी लागते. पहारा ठेवणारा चोराचंच नाव घेत बसतो.

बरं, हाकलायचं नाही, त्यावर चांगला विचार चढवायचा, असं म्हणाल तर त्याचाही प्रयोग झालाय. कॅनडातल्या जोअन वुड आणि सहकाऱ्यांनी 2009 मध्ये लोकांना ‘मी प्रेम करण्याजोगी व्यक्ती आहे’ असं वाक्य मनात घोळवायला लावलं. ज्यांचं स्वतःबद्दलचं मत आधीपासून चांगलं होतं त्यांना थोडं बरं वाटलं. ज्यांचं वाईट होतं त्यांना, ते वाक्य न घोळवणाऱ्या तशाच लोकांपेक्षा, जास्त वाईट वाटलं. म्हणजे ज्याला गरज, नेमकं त्यालाच बाधतं.

असं का होतं ते एका मुलाच्या उदाहरणानं पाहू. समजा तो पुण्यात सदाशिव पेठेतल्या अभ्यासिकेत बसतो, एमपीएससीची पूर्वपरीक्षा दोनदा हुकलीय. डोक्यात एकच वाक्य: ‘बापाचा पैसा पाण्यात घालतोय मी.’ फॉरवर्ड वाचून तो स्वतःला सांगतो, ‘मी अधिकारी होणारच.’ मन लगेच विचारतं, ‘मग दोनदा काय झालं?’ तो म्हणतो, या वेळी अभ्यास चांगलाय. मन म्हणतं, मागच्या वेळीही हेच म्हणाला होतास. एक विचार होता तिथे कोर्ट भरलं, आणि वादी-प्रतिवादी दोन्ही तोच. दरम्यान टेस्ट सिरीजचा पेपर तसाच पडून राहतो. पेपर सोडवला की मार्क दिसणार, मार्क दिसले की ते वाक्य पुन्हा येणार. त्यापेक्षा टपरीवर चहा बरा, रूमवर झोप बरी, मोबाइल तर हाताशी आहेच.

ॲक्ट (‘ॲक्सेप्टन्स अँड कमिटमेंट थेरपी’, म्हणजे स्वीकार आणि बांधिलकी यांवर उभी असलेली मानसोपचार पद्धत, तिला थोडक्यात असंच म्हणतात) बोट ठेवते ते इथे. त्या वाक्यानं जेवढं नुकसान केलं त्यापेक्षा जास्त ते वाक्य टाळण्याच्या धडपडीनं केलं.

मग समुपदेशक काय करतो? वाक्य खोटं आहे असं सिद्ध करायला बसत नाही. ते कागदावर लिहायला लावतो. मग त्याच्या आधी जोडायला सांगतो: ‘मला असा विचार येतोय की, बापाचा पैसा पाण्यात घालतोय मी.’ मग आणखी एक पायरी: ‘माझ्या लक्षात येतंय की मला असा विचार येतोय की…’ तिसऱ्यांदा मोठ्यानं वाचताना वाक्य तेच असतं, पण आपण त्याच्या आत नसतो, बाहेरून बघत असतो. दुसरा एक उपाय त्याहून विचित्र. ‘नालायक’ हा शब्द मोठ्यानं, भराभर, अर्धा-पाऊण मिनिट म्हणत राहायचं. नालायक नालायक नालायकनाला… जीभ अडखळते, शब्दाचा नुसता आवाज उरतो, बहुतेकांना हसू येतं. शब्द असा घोळवला की त्यातला अर्थ गळून पडतो हे मानसशास्त्रज्ञ एडवर्ड टिचनर यांनी 1916 मध्येच नोंदवलं होतं. आपण नालायक नाही हे यातून सिद्ध होत नाही. फक्त त्या शब्दाला हुकूम सोडता येत नाही.

आणि मग निम्मं काम उरतं, जे फॉरवर्डवाल्यांच्या गावीही नाही. तुला हे सगळं कशासाठी करायचंय? फक्त पद हवंय, की आणखी काही? उत्तर जे येईल त्याला धरून एक छोटी, ठरलेली कृती. शनिवारी सकाळी अभ्यासिकेत घड्याळ लावून एक पेपर पूर्ण सोडवायचा, मार्क वहीत लिहायचे, आणि लिहिताना छातीत जे धडधडेल ते धडधडू द्यायचं. धडधड थांबायची वाट बघायची नाही.

एक गोष्ट इथेच स्पष्ट करतो. महाराष्ट्रात अमेरिकन मानसशास्त्रज्ञ अल्बर्ट एलिस यांची विवेकनिष्ठ मानसोपचार पद्धत बरीच वर्षं रुजलेली आहे, आणि तिच्यात अविवेकी विचार तपासून बदलले जातात. त्या पद्धतीलाही संशोधनाचा आधार आहे. पण तिच्यात ‘कशावरून?’ हा प्रश्न विचारला जातो, पुरावा मागितला जातो. दुःखावर गोडगोड वाक्य चिकटवणं म्हणजे ती पद्धत नव्हे. फॉरवर्डमधला उपाय या दोन्हींपैकी कशातच बसत नाही.

‘स्वीकार म्हणजे हार’

हा आक्षेप सगळ्यात जास्त ऐकू येतो, आणि सगळ्यात गंभीरही आहे. आपल्याकडे बायकांना, सुनांना, हाताखालच्या माणसांना ‘सहन कर’ हे इतक्या पिढ्या ऐकवलं गेलंय की स्वीकार म्हटलं की कान टवकारणं योग्यच.

पण स्वीकारायचं काय, ते नीट बघा. ॲक्टमध्ये स्वीकार आहे तो आतल्या गोष्टींचा: भीती, लाज, दुःख, नको असलेली आठवण, पोटात पडणारा खड्डा. बाहेरच्या परिस्थितीचा नाही. तिथे उलट कृतीचाच आग्रह आहे, म्हणून तर नावातच कमिटमेंट आहे. नवरा मारतो अशा बाईला कोणी ‘मार स्वीकार’ म्हणत असेल तर तो ॲक्ट करत नाहीये, तो गुन्ह्याला हातभार लावतोय. तिच्याबाबतीत स्वीकाराचा अर्थ असा: 181 या महिला हेल्पलाइनला फोन लावताना हात थरथरणार, ‘माहेरचे काय म्हणतील’ हे डोक्यात घोंगावणार, अपराधी वाटणार. हे सगळं थांबलं की मग फोन करीन, असं ठरवलं तर तो फोन कधीच होणार नाही. थरथरत्या हातानं लावायचा. 2005 च्या घरगुती हिंसाचाराविरुद्धच्या कायद्याचा उपयोग करायलाही आधी तेवढं धैर्य लागतं, आणि धैर्य म्हणजे भीती नसणं, अशी अट घातली की काम बिघडतं.

या पद्धतीत एक दृष्टांत नेहमी देतात तो आपल्याकडच्या एसटीलाही लागू पडतो. तुम्ही ड्रायव्हर आहात, मागच्या सीटवर चार टगे बसलेत. ‘उजवीकडे वळ, नाहीतर पुढे येतो’ म्हणून ओरडताहेत. तुमच्यापुढे दोनच रस्ते आहेत असं वाटतं: गाडी थांबवून त्यांच्याशी भांडत बसा, नाहीतर ते सांगतील तिकडे वळा. दोन्हींत गाडी मुक्कामाला पोचत नाही. तिसरा रस्ता असा की त्यांना ओरडू द्यायचं आणि पाटीवर जे गाव लिहिलंय तिकडे गाडी न्यायची. याला हार कसं म्हणणार?

जुनाट दुखण्यातही हेच. कंबर दुखते म्हणून एखाद्या आजींनी आधी देवळात जाणं सोडलं, मग लग्नकार्य, मग जिना. दुखणं थांबलं की जाईन. वर्षं गेली, दुखणं तिथेच, आयुष्य मात्र खोलीभर उरलं. तपासण्या आणि औषधोपचार करायचेच, पण त्यापुढेही दुखणं उरत असेल तर ते सोबत घेऊन कुठवर जाता येईल हे शोधणं, हा ॲक्टचा भाग. कुठले उपचार वापरावेत हे सांगणाऱ्या ब्रिटनच्या ‘नाइस’ या संस्थेनं 2021 च्या मार्गदर्शक सूचनांमध्ये दीर्घकालीन वेदनेसाठी ज्या मानसोपचारांचा विचार करावा असं सुचवलं त्यात ॲक्टचं नाव आहे.

तरीही आक्षेपाला थोडी जागा ठेवतो. काही कंपन्यांच्या वर्कशॉपमध्ये बारा-बारा तास राबणाऱ्यांना ‘ताण स्वीकारा’ म्हणून श्वासाचे व्यायाम शिकवतात आणि कामाचे तास तेवढेच ठेवतात. तिथे फॉरवर्डवाल्यांचा राग बरोबर आहे. फक्त तो थेरपीवर न काढता मालकावर काढावा.

‘हे गीतेत आहेच’

साम्य आहे, नाकारत नाही. फळाची हमी नसताना कर्म करत राहणं किंवा मनात काय चाललंय ते त्रयस्थपणे बघणं या गोष्टी आपल्याला परक्या नाहीत. इगतपुरीला दहा दिवस मौनात बसून आलेल्या माणसाला तर ॲक्टचे काही व्यायाम ओळखीचेच वाटतील. पण अमेरिकेत नेवाडा विद्यापीठातले स्टीव्हन हेज आणि सहकारी या पद्धतीपर्यंत पोचले ते वर्तनशास्त्राच्या वाटेनं, माणसाची भाषा त्याच्या वागण्याला कशी बांधून ठेवते याच्या अभ्यासातून. केली विल्सन आणि कर्क स्ट्रोसाल यांच्यासोबतचं त्यांचं मूळ पुस्तक 1999 चं.

आणि ‘आधीच आहे’ यानं नेमकं काय सिद्ध होतं? ग्रंथ घरात असूनही माणूस रात्री दोनला छताकडे बघत पडलेला असतो. त्याला कुणीतरी समोर बसून, त्याच्या वाक्यावर, त्याच्या शनिवारच्या पेपरवर काम करून द्यावं लागतं. शिवाय थेरपीला ‘तुझा उपयोग झाला का?’ असं विचारून मोजता येतं. मोजलंही आहे. 2015 मध्ये 39 चाचण्या, एकूण 1821 रुग्ण, यांचा एकत्र आढावा घेतला गेला. नुसती वाट बघणं किंवा नेहमीचे उपचार यांच्यापेक्षा ॲक्ट सरस ठरली, पण विचार तपासून बदलणाऱ्या प्रस्थापित कॉग्निटिव्ह बिहेवियर थेरपीपेक्षा सरस ठरली नाही. त्यामुळे इन्स्टाग्रामवर ॲक्टला जादूची कांडी म्हणून विकणारे कोच आणि तिला खूळ म्हणणारे फॉरवर्डवाले, दोघांनीही हे आकडे वाचायला हरकत नाही.

‘श्रीमंतांची दुखणी’

दक्षिण सुदानमधल्या यादवीतून जीव घेऊन युगांडात आलेल्या बायका ऱ्हायनो कॅम्प या निर्वासित वसाहतीत राहतात. जागतिक आरोग्य संघटनेनं ॲक्टवर आधारलेला ‘सेल्फ हेल्प प्लस’ हा कार्यक्रम तिथे करून पाहिला. पाच बैठका, प्रत्येकी दोन तास, त्यांच्या जुबा अरबी बोलीत आधीच रेकॉर्ड केलेला आवाज, सोबत चित्रांची पुस्तिका, आणि चालवायला थोडक्या प्रशिक्षणाच्या स्थानिक बायका. मोठे डॉक्टर नाहीत, कोच नाहीत. एकूण 694 बायका या चाचणीत होत्या. तीन महिन्यांनी, कार्यक्रम मिळालेल्या बायकांचा मानसिक त्रास बाकीच्यांपेक्षा कमी होता. हे 2020 मध्ये ‘लॅन्सेट ग्लोबल हेल्थ’ या वैद्यकीय नियतकालिकात छापून आलं. घर, माणसं, शेत सगळं गमावलेल्या बायकांना रिकामपणाचं दुखणं झालं होतं, असं कुणाला म्हणायचं असेल तर म्हणोत.

आणि जवळचंच बघायचं तर गोवा. तिथल्या ‘संगाथ’ संस्थेनं दहा प्राथमिक आरोग्य केंद्रांत नैराश्याच्या रुग्णांना मानसोपचारातली पदवी नसलेल्या, पण नीट शिकवून तयार केलेल्या समुपदेशकांकडून सहा ते आठ बैठका दिल्या. हा उपचार ॲक्ट नव्हता, कृतीला चालना देणारा त्याचा जवळचा भाऊबंद होता: मूड सुधारायची वाट न बघता आधी कामाला लागायचं. 2017 मध्ये निकाल आले. तीन महिन्यांनी 64 टक्के रुग्ण नैराश्यातून बाहेर होते, तर नुसते नेहमीचे उपचार मिळालेल्यांपैकी 39 टक्के. आरोग्य केंद्राच्या बाकावर नंबर लावून बसलेली माणसं होती ती.

‘मन खंबीर असेल तर गोळ्या लागत नाहीत’

फॉरवर्डमधली ही ओळ सगळ्यात धोकादायक, कारण ती वाचून कुणीतरी खरोखर गोळ्या थांबवतो. ॲक्टनं असा दावा केलेला नाही. 2002 मध्ये पॅट्रिशिया बाख आणि हेज यांनी भास-भ्रमांमुळे रुग्णालयात दाखल झालेल्या 80 जणांवर अभ्यास केला. सगळ्यांचे नेहमीचे उपचार चालूच होते. निम्म्यांना त्याशिवाय ॲक्टच्या फक्त चार बैठका दिल्या. पुढच्या चार महिन्यांत या गटात पुन्हा भरती होण्याचं प्रमाण दुसऱ्या गटाच्या निम्मं होतं. त्यातही चकित करणारी गोष्ट ही की, आवाज ऐकू येतात असं मान्य करणारे ॲक्टच्या गटातच जास्त होते. आवाज थांबले नव्हते. ते आवाज जे सांगतात त्यावरचा विश्वास कमी झाला होता.

तेव्हा डॉक्टरांनी दिलेली औषधं त्यांना विचारल्याशिवाय बंद करू नका, आणि ‘जगून काय उपयोग’ असे विचार येत असतील तर ते एकट्यानं स्वीकारत बसायचे विचार नव्हेत. सरकारची टेली-मानस हेल्पलाइन 14416 या नंबरवर चोवीस तास, फुकट चालू असते. मराठीत बोलता येतं.