वेडा शास्त्रज्ञ आता पुरे

विज्ञानाचा हव्यास आणि शस्त्रास्त्रं यांची टर उडवणारे ॲनिमेशनपट मी आवडीने बघतो. पण त्यातल्या वेड्या शास्त्रज्ञाचा आता वीट आलाय. पिंजारलेले केस, हातात फेसाळती बाटली, जग मुठीत आल्याचं विकट हास्य. शेवटी त्याचंच यंत्र त्याच्यावर उलटतं, प्रयोगशाळा उडते आणि आपण निवांत झोपायला जातो. दोष त्या एका माथेफिरूचा, आपला काय संबंध?

खरी माणसं अशी नव्हतीच हो. अमेरिकेचा पहिला अणुबॉम्ब बनवणाऱ्या शास्त्रज्ञांचे प्रमुख ओपेनहायमर हे मूळ संस्कृतातून गीता वाचणारे गृहस्थ. १९५४ मध्ये अमेरिकी सरकारने त्यांची चौकशी केली, तेव्हा ते जे बोलले त्याचा आशय असा, की एखादी गोष्ट तंत्राच्या दृष्टीने झकास दिसली की आम्ही ती करून मोकळे होतो. तिचं पुढे काय करायचं हा वाद यश मिळाल्यावर. विकट हास्य वगैरे काही नाही. कोडं सुटत आलं असताना हात आखडता घेववत नाही, इतकंच. पण हे चित्रात दाखवायचं म्हणजे डोकं लागतं, म्हणून मग पिंजारलेल्या केसांवर भागवतात.

१९८६ च्या 'व्हेन द विंड ब्लोज' या ॲनिमेशनपटाला मात्र हे जमलंय. रेमंड ब्रिग्जची चित्रकथा, जिमी मुराकामीचं दिग्दर्शन, आणि समोर शास्त्रज्ञ एकही नाही. इंग्लंडमधलं एक निवृत्त जोडपं. अणुबॉम्बपासून आडोसा करा असं सरकारी पत्रकात लिहिलंय म्हणून म्हातारा घराची दारं बिजागऱ्यांतून काढून भिंतीला तिरकी टेकवतो. कोन ६० अंशांचाच हवा, त्यासाठी कोण आटापिटा! बॉम्ब पडायच्या बेतात आहे, तो बायकोला आत यायला ओरडतोय, आणि तिला काळजी केक करपेल याची. मला फस्सकन हसू आलं, मग स्वतःचाच राग आला. कारण दारं टेकवायचा सल्ला कल्पनेतला नाही. ब्रिटिश सरकारने १९८० मध्ये विक्रीला काढलेल्या 'प्रोटेक्ट अँड सर्व्हाइव्ह' या पुस्तिकेत तो खरंच होता.

अमेरिकेने तर १९५१ मध्येच शाळकरी मुलांसाठी बर्ट नावाचं कार्टून कासव आणलं होतं. ते धोका दिसताच कवचात शिरायचं, पोरांनी बाकाखाली शिरायचं. अणुबॉम्बपासून बचाव म्हणून! आणि हे अगदी गंभीरपणे, बरं का.

'कार्टूनच आहे ना' म्हणून मुराकामीचा सिनेमा लहान मुलांना लावून देऊ नका. किरणोत्सर्गाने ते दोघं कसे खंगत जातात, हे त्यात काहीही न झाकता दाखवलंय.