सात वर्षे बेपत्ता म्हणजे मृत, आणि हिस्सा आपोआप भावांचा?

सध्या समाजमाध्यमांवर फिरणाऱ्या एका संदेशात चार विधाने ठामपणे केलेली आहेत: सात वर्षे बेपत्ता असलेली व्यक्ती कायद्याने मृत ठरते, सात वर्षे पूर्ण होतात तो दिवस तिच्या मृत्यूचा दिवस मानला जातो, त्यानंतर वारस नोंद झाली की मालकी बदलते, आणि खालच्या न्यायालयात हे मांडायचे राहिले, तरी अपिलात मांडता येते.

पहिले विधान अर्धवट आहे. भारतीय साक्ष्य अधिनियम, 2023 चे कलम 111 (1872 च्या जुन्या कायद्यातील कलम 108) फक्त पुराव्याचा भार कोणावर, एवढेच सांगते. जिवंत असती तर जिची खबर ज्यांना साहजिकच लागली असती, अशा लोकांना सात वर्षे तिची काहीच खबर नसेल, तर ती जिवंत आहे हे सिद्ध करण्याची जबाबदारी तसे म्हणणाऱ्यावर येते. ती मृत आहे, हे त्यातून निघणारे गृहीतक खोडून काढता येते. शिवाय खबर ‘साहजिकच’ कोणाला लागली असती, हा प्रश्न येथे कळीचा आहे. ज्या भावाशी बोलणेच बंद होते, त्याला खबर नव्हती यावरून फारसे काही सिद्ध होत नाही. पोलिसांतील बेपत्ता असल्याची नोंद हा उपयोगी पुरावा आहे, पण गृहीतक तेवढ्यावर उभे राहत नाही.

दुसरे विधान सर्वांत घातक आहे, कारण वाटपाच्या दाव्यात बहुधा तारखेवरूनच वाद असतो. सर्वोच्च न्यायालयाने भारतीय आयुर्विमा महामंडळ विरुद्ध अनुराधा (2004) या प्रकरणात स्पष्ट केले आहे की, मृत्यूचे गृहीतक न्यायालयासमोर प्रश्न उपस्थित होतो तेव्हा लागू होते. मृत्यू नेमका केव्हा झाला, याचे कोणतेही गृहीतक नाही. ती तारीख ज्याला हवी असेल, त्याने ती पुराव्याने सिद्ध करायची.

याचा परिणाम एका काल्पनिक उदाहरणावरून पाहू. मृत्युपत्र न करता एक हिंदू गृहस्थ 1999 मध्ये बेपत्ता झाले, त्यांची विधवा आई 2008 मध्ये वारली आणि दावा 2012 मध्ये दाखल झाला. मागे पत्नी, एक मुलगा आणि एक भाऊ आहेत. हे गृहस्थ आईच्या आधी वारले असतील, तर हिंदू उत्तराधिकार अधिनियम, 1956 प्रमाणे त्यांच्या स्वकष्टार्जित मिळकतीत आई, पत्नी व मुलगा यांना प्रत्येकी 1/3 हिस्सा मिळेल. आईच्या मृत्यूनंतर तिच्या हिश्श्याचा अर्धा भाग, म्हणजे मूळ मिळकतीचा 1/6, भावाकडे जाईल. ते आईनंतर वारले असतील, तर भावाला या मिळकतीत काहीच मिळणार नाही. सात वर्षे 2006 मध्ये पूर्ण झाली म्हणून ‘2006 मध्ये वारले’ असे भावाने म्हणणे पुरेसे नाही. आईच्या मृत्यूपूर्वी ते वारले, हे त्यानेच सिद्ध केले पाहिजे.

तिसऱ्या विधानाबाबत फार लिहिण्याची गरज नाही: फेरफार किंवा सातबाऱ्यावरील नोंद ही महसुली कामकाजासाठी असते, तिने मालकी निर्माण होत नाही. वाद असेल तर दिवाणी न्यायालयाचा निर्णय लागतो.

चौथ्या विधानातील सोय तर कायद्यात जवळजवळ नाहीच. पहिल्या अपिलात वस्तुस्थिती आणि कायदा दोन्ही तपासता येतात, पण दाव्यातील कैफियतींत (पक्षकारांच्या लेखी म्हणण्यांत) न घेतलेला मुद्दा आणि न दिलेली साक्ष तेथे सहज आणता येत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 41, नियम 27 मधील मर्यादित कारणे असतील तरच अतिरिक्त पुरावा स्वीकारला जातो. उच्च न्यायालयातील दुसरे अपील कलम 100 खाली केवळ कायद्याच्या महत्त्वाच्या प्रश्नावर चालते, त्यामुळे ‘सात वर्षे कोणाला खबर होती की नव्हती’ हा वस्तुस्थितीचा प्रश्न तेथे सहसा पुन्हा उघडत नाही. मात्र खालच्या न्यायालयाने कोणताही पुरावा नसताना सात वर्षे पूर्ण झाल्याचा दिवस हाच मृत्युदिन ठरवला असेल, तर ती कायदा लावण्यातील चूक आहे आणि दुसऱ्या अपिलात तिच्यावर नेमके बोट ठेवता येते.