सरकाई प्रसन्न

तेहतीस कोटी देव कमी पडतात असं वाटणारा माणूस बहुधा लोकलचा पासधारक असतो. मी आहे. म्हणून माझ्यापुरती मी एका देवीची भर घातली आहे : सरकाई. तिला मूर्ती नाही. मूर्ती म्हटली की बसवावी लागते, आणि सरकाईच्या राज्यात बसायला मिळत नाही. गाभाराही नाही, नुसती प्रदक्षिणा. मंत्र दोन शब्दांचा, 'पुढे सरका'. तो मागून कानात येतो. गुरूचं तोंड कधी दिसत नाही, कोपर तेवढं लागतं.

तिचं जागृत स्थान म्हणजे दादरचा पूल, वेळ संध्याकाळची. पश्चिम रेल्वेवरून मध्य रेल्वेवर मी 'जातो' ही बोलायची पद्धत झाली. खरं तर मी नेला जातो. पायांना काम नसतं, फक्त आपली चप्पल आपल्याच पायात राहील एवढं बघायचं. डोंबिवलीला जायचं असताना मी अनेकदा फूलबाजाराच्या बाजूला, हातात काही नसताना झेंडूचे भाव ऐकत उभा राहिलो आहे. सरकाईकडे त्याची दाद मागता येत नाही. हलवणं तिच्याकडे, कुठे पोचायचं ते तिचं खातं नाही.

आपल्या भास्कराचार्यांनी ११५० साली 'सिद्धान्तशिरोमणी'त आपोआप फिरत राहणाऱ्या एका चाकाचं वर्णन केलं आहे. चाकाच्या आऱ्या पोकळ, त्यांत अर्धवट पारा भरायचा, की चाक आपलं फिरतंय ते फिरतंय. पुढे भौतिकशास्त्राने असं यंत्र अशक्य ठरवलं. कारण काय, तर घर्षण आलं की गती संपते. हे म्हणणाऱ्यांनी पावणेसातचा पूल पाहिलेला नाही. तिथे सगळं घर्षणावरच चालतं. पाऱ्याऐवजी डोंबिवलीकर भरले की झालं.

गाडीत शिरलं म्हणजे सुटका, असंही नाही. तिघांच्या बाकावर चौथी सीट नावाची एक गोष्ट असते. ती बाकाच्या कडेला, निम्मी हवेत असते. तिच्यावर बसणारा अर्धा उभाच असतो, आणि तरी 'जरा सरका ना' म्हणत आतल्या तिघांना दीक्षा देत राहतो. खिडकीशी बसलेला भक्त सर्वात दुर्दैवी. त्याला सरकायला फक्त पत्रा उरतो. दसऱ्याच्या आधी डब्याला तोरणं लागतात, तसबिरी मांडून पूजा होते, पेढे फिरतात. पेढ्याचा पुडासुद्धा मागून पुढे सरकतच येतो आणि माझ्यापर्यंत पोचेतो त्यात कागद उरलेला असतो.

जे हलवता येत नाही, त्याचं सरकाई नाव हलवते. व्हीटीची इमारत इंचभर सरकलेली नाही, पण १९९६ मध्ये ती सीएसटी झाली आणि २०१७ मध्ये सीएसएमटी. एल्फिन्स्टन रोडचं २०१८ मध्ये प्रभादेवी झालं. आणि डिसेंबर २०२३ मध्ये देवीने दादरचे फलाट हातात घेतले. तोवर पश्चिमेला एक नंबर होता आणि मध्यलाही एक नंबर होता. लोकांचा घोळ व्हायचा, म्हणून पश्चिमेचे एक ते सात तसेच ठेवून मध्यचे आठपासून चौदापर्यंत केले. सोय चांगली झाली, यात वाद नाही. फक्त जुना एक म्हणजे नवा आठ आणि जुना आठ म्हणजे नवा चौदा, एवढंच ध्यानात ठेवायचं. मधला दोन नंबर तर आधीच फलाट रुंद करताना देवीने गिळला होता.

आमच्या आत्याच्या ध्यानात यातलं काही नव्हतं. ती कोल्हापूरहून आली, ऐन गर्दीच्या वेळेला.

"एक नंबरवर उभी राहते, तू ये," फोनवर आत्या.

"आत्या, आपला एक आता आठ झालाय."

"आठ? आठ तर लांब तिकडं हाय की!"

"तो आता चौदा आहे."

"मग एक कुठं गेला?"

"एक आहे, पण तो पश्चिमेचा. तिकडे जाऊ नकोस. आहेस तिथेच आठवर थांब."

"बघ, आता पुन्हा आठ म्हणतोस!"

फोन कटला. मी आठवर गेलो, चौदावर गेलो, म्हणजे नेला गेलो. आत्या कुणालातरी विचारून एक नंबरकडे निघाली होती आणि गुडघे दुखायला लागल्यावर पुलाच्या बरोब्बर मध्यावर, स्वतःच्या वळकटीवर बसली होती. सरकाईच्या ऐन प्रदक्षिणेच्या वाटेत ठिय्या! गर्दी तिच्या दोन्ही अंगांनी फुटून पुढे परत एक होत होती.

"आजी, पुढे सरका!" मागून एक मंत्र आला.

"तू सरक बाबा," आत्या म्हणाली. "मी कोल्हापुरास्नं सरकतच आलीया."

आणि तो माणूस चक्क बाजूने गेला. इतक्या वर्षांत त्या पुलावर कुणी कुणाला वळसा घातलेला मी पाहिला नव्हता. मी पोचलो तेव्हा आणखी दोन बायका टेकल्या होत्या आणि आत्या त्यांना शेंगदाण्याचा लाडू देत होती. शिट्टी वाजवत आलेल्या पोलिसालाही एक मिळाला. तोंडात लाडू असल्यावर शिट्टी वाजत नाही.

गाडीत तिला चौथी सीट मिळाली. ती सरळ मागे टेकली, आणि चौथीची तिसरी कधी झाली हे आतल्या तिघांना मुंब्र्यापर्यंत कळलं नाही. मी उभ्या उभ्या तिला सरकाईचं माहात्म्य सांगितलं. तिने मनोभावे ऐकलं.

"वार कुठला रं तिचा?"

"सगळेच. रविवारी तेवढा उपास. मेगाब्लॉक असतो."

"मग माझं परतीचं तिकीट रविवारचं काढ."