कालव्यापलीकडची गल्ली

मावशी नाशिकहून बँकॉकला आली, ती लग्नघरातला एक वाद सोबत घेऊनच. माझ्या मामेबहिणीच्या लग्नात तिच्या सासूबाईंनी हौसेने घेतलेली पैठणी यंत्रमागावरची निघाली. दुकानदाराने सांगितलं नव्हतं आणि घेणाऱ्यांनी विचारलं नव्हतं. एका जाणत्या बाईंनी पदर उलटा केला, मागे धाग्यांचं जंजाळ दिसलं (हातमागावरच्या पैठणीची मागची बाजूही स्वच्छ असते) आणि मांडवातच कुजबुज सुरू झाली. पुढे घरात दोन तट पडले. मामा म्हणे, यंत्रमागाने पैठणी साध्या घरात पोचवली, त्यात वाईट काय? मावशी म्हणे, मग तिला पैठणी म्हणू नका. धाकटा मामेभाऊ म्हणे, येवल्यात पर्यटन वाढवा, लोक माग बघायला आले की विणकर जगेल.

मी इथे नऊ वर्षं राहते. त्या वादात फोनवरून थोडंफार बोलले होते, पण दुरून बोलणाऱ्याच्या मताला घरात फारसं वजन नसतं आणि ते बरोबरच आहे. मावशीला रेशमाचं वेड, म्हणून एका सकाळी तिला जिम थॉम्पसनचं घर आणि त्यासमोरची बान क्रुआ ही विणकरांची वस्ती दाखवायला नेलं. अर्ध्या दिवसाची फेरी होती. त्या फेरीनंतर माझं मत बदललं, म्हणून हे लिहिते आहे.

नॅशनल स्टेडियमच्या स्टेशनवरून उतरून गल्लीच्या टोकापर्यंत चालत गेलं की झाडीत लपलेलं हे घर येतं. जिम थॉम्पसन हा अमेरिकन वास्तुविशारद, जन्म १९०६ चा. दुसऱ्या महायुद्धात तो अमेरिकेच्या गुप्तवार्ता खात्यात होता, युद्ध संपता संपता बँकॉकला आला आणि इथलाच झाला. तेव्हा थाई रेशीम विणणं जवळजवळ विझत आलं होतं. हे कापड घेऊन तो न्यूयॉर्कला गेला, तिथल्या फॅशनच्या जगाला त्याने ते दाखवलं आणि १९४८ मध्ये कंपनी काढली. घर १९५९ मध्ये पूर्ण झालं. सागवानाची सहा जुनी थाई घरं वेगवेगळ्या ठिकाणांहून आणून त्याने ती इथे एकत्र उभी केली. थाई घराच्या भिंती लाकडी खुंट्यांनी जोडलेल्या असतात, त्यामुळे त्या सुट्या करता येतात. अयुथ्थया या जुन्या राजधानीकडची घरं अशीच उतरवून, पाण्यावरून इथे आली. दिवाणखान्याच्या भिंतींची तर त्याने आतली बाजू बाहेर आणि बाहेरची आत केली, कोरीव काम बसल्या जागेवरून दिसावं म्हणून.

चपला काढून आत शिरताना मावशी उंबरठ्यापाशी थबकली. चांगला वीतभर उंच. गाईड मुलीने सांगितलं की उंबरठ्यावर पाय द्यायचा नाही, ओलांडायचा. मावशी म्हणाली, "अगं, हे मला कशाला सांगतेस, माझ्या आजीने हातावर चापट मारून शिकवलंय." मी भाषांतर केलं तेव्हा त्या मुलीने तिला हात जोडून वाय, म्हणजे थाई नमस्कार, केला. पुढचा तासभर दोघी एकमेकींच्या बाजूनेच चालत होत्या.

घर सुंदर आहे, यात शंका नाही. चिनी निळ्या-पांढऱ्या भांड्यांची मांडणी, पंचरंगी बेंचारोंग भांडी, दगडी मूर्ती, खाली बागेत कढत पाण्याच्या भांड्यातून रेशमाचे कोष उकलणारी बाई. मूठभर पिवळ्या कोषांतून इतकी बारीक तार निघते की ती दिसते ते फक्त उन्हामुळे. मावशी तिथे किती वेळ उभी राहिली, मला मोजता येणार नाही. मग गाईडने ती गोष्ट सांगितली, जी ऐकायलाच बरेच लोक येतात: २६ मार्च १९६७, ईस्टरचा रविवार, मलेशियातल्या कॅमेरॉन हायलंड्समध्ये थॉम्पसन फिरायला म्हणून बाहेर पडला आणि पुन्हा कुणाला दिसला नाही. त्याचा शोध आजतागायत लागलेला नाही. सगळी मंडळी याच ठिकाणी प्रश्न विचारतात. मला मात्र दुसरंच काहीतरी लागून राहिलं. गाईड सहज म्हणाली होती की या घराचा एक भाग पलीकडच्या बान क्रुआतल्या विणकराचंच घर होतं. विणकराचं घर कालवा ओलांडून अलीकडे आलं आणि दिवाणखाना झालं.

बागेच्या मागे सेन सेपचा कालवा. थायलंडचा राजा तिसरा राम याच्या कारकिर्दीत, १८३७ ते १८४० च्या सुमारास खोदलेला. आज त्यातून प्रवासी होड्या सुसाट धावतात, काळं पाणी उडू नये म्हणून कडेचे प्रवासी दोरीने ताडपत्री वर ओढतात. पलीकडच्या काठावर बान क्रुआ. थॉम्पसनने इथेच घर बांधायचं कारण ती वस्ती होती. तिथले लोक आपापल्या घरी त्याच्यासाठी माग चालवत आणि तो कालवा ओलांडून कापड बघायला जाई.

बान क्रुआतले मूळ रहिवासी चाम मुसलमान. त्यांचं चंपा हे राज्य आजच्या व्हिएतनामच्या किनाऱ्यावर होतं. ते गेल्यावर हे लोक कंबोडियात आले आणि अठराव्या शतकाच्या अखेरीस पहिल्या रामाच्या काळात बँकॉकला. लढाईत केलेल्या चाकरीबद्दल राजाने त्यांना ही जमीन दिली. म्हणजे थायलंडाची जगभरची ओळख झालेलं रेशीम सुरुवातीला ज्या हातांनी विणलं, ते हात परमुलखातून आलेल्या, दुसऱ्या धर्माच्या माणसांचे. मावशीने ते ऐकलं आणि शांतपणे म्हणाली, "येवल्यात तरी काय वेगळं? खत्री, साळी, कोष्टी, मोमीन, सगळ्यांनीच विणली पैठणी." पैठणी कुणाची यावरून आपल्याकडे हल्ली जे बोललं जातं, ते आठवून मला तिच्या त्या वाक्याचं फार बरं वाटलं.

पूल ओलांडून गल्लीत शिरलो. दोन माणसं जेमतेम शेजारून जातील एवढी वाट, दोरीवर वाळत घातलेले कपडे, मशिदीतून येणारा मुलांच्या पाठांतराचा आवाज. ही वस्ती आज उभी आहे ती कुणाच्या दयेवर नाही. १९८० च्या दशकाच्या अखेरीस द्रुतगती मार्गाला जोडणारा रस्ता तिच्यातून जाणार होता. लोकांनी नकार दिला. रात्र-रात्र पहारे केले, सरकारी दारं झिजवली. १९९३ मध्ये जाहीर सुनावणी झाली, त्या काळच्या थायलंडात ती गोष्ट नवीच होती. तिचा निष्कर्ष रस्त्याच्या विरोधात गेला. तरीही पुढे बरीच वर्षं टांगती तलवार राहिली आणि शेवटी तो बेत बारगळला. दोनशे वर्षांची वस्ती लोकांनी स्वतः राखली.

पण मागांचा आवाज? तो आम्हाला दोन-तीन घरांतून आला, बस्स. एके काळी जिथे घराघरात माग होते, तिथे आता मोजकी घरं उरली आहेत. थॉम्पसननंतर कंपनीचं विणकाम मोठ्या प्रमाणावर कोराट शहराजवळच्या पाक थोंग छाइकडे गेलं. जागा मोठी, माणसं अधिक, कामाला शिस्त. त्यात कुणाचं कपट नव्हतं, आणि तिकडच्या गावांनाही कामाची गरज होतीच. इकडची मुलं शिकली, कचेऱ्यांत लागली. वस्तीने जमीन वाचवली, पण काम तिच्या हातातून आधीच निघून गेलं होतं.

हे बघून मी आपल्या घरच्या वादाकडे वळले आणि मला वाटलं, आम्ही तिघं-चौघं चुकीच्या जागी भांडत होतो.

मावशीचा मुद्दा नावाचा. नावाचं मोल मला मान्य आहे. थायलंडाने रेशमासाठी चार रंगांच्या मोरांचं चिन्ह केलं आहे. सोनेरी मोर सगळ्यांत कडक: देशी रेशीमकिड्याचं, हाताने काढलेलं सूत, हाताने विणलेलं कापड, सगळं थायलंडातलंच. खाली उतरत रुपेरी आणि निळा. हिरवा मोर रेशमात दुसरा धागा मिसळलेल्या कापडाला. मला यातला हिरवा मोर सर्वांत आवडतो. तो मिश्र कापडाला हाकलून देत नाही, त्याला त्याचं खरं नाव देतो. आपल्याकडे पैठणीला भौगोलिक मानांकन आहे, हातमागाचं चिन्ह आहे, रेशमाचं वेगळं चिन्ह आहे. १९८५ च्या कायद्याने ज्या वस्तू हातमागासाठी राखून ठेवल्या त्यांत साडीही आहे. एवढं असून दुकानात 'सेमी पैठणी' हा शब्द बिनदिक्कत चालतो आणि सेमी म्हणजे नेमकं काय, हे साडीवर कुठेही लिहिलेलं नसतं. मामांना परवडणारी साडी हवी, ती त्यांना मिळावी. इचलकरंजीच्या किंवा मालेगावच्या यंत्रमागावर राबणाराही कष्टकरीच आहे. फक्त त्या साडीवर 'यंत्रमागावर विणलेली' असं मराठीत, ठळक छापलेलं असावं. मामेबहिणीच्या सासूबाईंना मांडवात मान खाली घालावी लागली, ती त्यांची चूक नव्हती.

मामेभावाचं पर्यटन मात्र मी आता पूर्वीसारखं मान्य करू शकत नाही. थॉम्पसनच्या घरात आमच्यासोबत फेरीला बरीच माणसं होती. पूल ओलांडून गल्लीत आलो ते आम्ही दोघी आणि एक जपानी जोडपं. मोराचं चिन्ह, राजघराण्याचा पाठिंबा, जगभर गाजलेलं नाव, बारा महिने पर्यटक, हे सगळं थाई रेशमाकडे आहे. तरी त्या घरासमोरच्या गल्लीतले माग थांबले. लोक बघायला येतात ते देखण्या वास्तूला आणि बेपत्ता झालेल्या माणसाच्या गोष्टीला. येवल्यातही तेच होऊ शकतं: बस विक्रीच्या दालनापाशी थांबेल, एक माग दाखवण्यापुरता खटखटेल, लोक साड्या घेऊन शिर्डीला निघतील आणि दोन गल्ल्या पलीकडचा विणकर कुणाला दिसणारही नाही.

आपल्या देशाच्या चौथ्या हातमाग गणनेत, २०१९-२० ची ती, सुमारे ३५ लाख हातमाग कामगार मोजले गेले. त्यांत सत्तर टक्क्यांहून अधिक बाया. विणकर कुटुंबांपैकी जवळपास दोनतृतीयांशांची महिन्याची कमाई ५,००० रुपयांच्या आत. हा आकडा मी पहिल्यांदा वाचला तेव्हा कपाटातल्या माझ्या पैठणीकडे बघितलं. ती मी इथून व्हिडिओ कॉलवर घेतली होती, गणपतीत नेसायला. पंधरा मिनिटांत रंग ठरला, भाव पाडला, पैसे पाठवले. कुणी विणली, किती दिवस लागले, त्याला किती मिळाले, यातलं एकही मी विचारलं नाही. आम्ही परदेशातली मंडळी पैठणीवर जीव टाकतो, सणाला ती नेसल्याशिवाय आम्हाला घरी असल्यासारखं वाटत नाही. भाव पाडण्यातही आम्ही पुढे असतो. तो पाडलेला भाव दुकानदार स्वतःच्या खिशातून देत नाही.

म्हणून माझं म्हणणं आता एवढंच आहे: काम कुणाच्या हाती आहे, तिथून वाद सुरू करा. नाव राखलं, जागा राखली, पर्यटक आणले, तरी मागणी विणकराला टाळून दुसरीकडे वळू शकते, हे बान क्रुआत डोळ्यांनी दिसतं. पैठणीच्या घडीत विणणाऱ्याचं नाव, लागलेले दिवस आणि त्याची मजुरी यांची चिठ्ठी असावी. सरकारी अनुदान दालनाच्या फरशीवर घालण्यापेक्षा विणकरांच्या संस्थेला सूत आणि जर उधारीवर मिळण्यासाठी द्यावं, म्हणजे त्याला व्यापाऱ्याच्या धाग्यावर मजुरीने विणावं लागणार नाही. आणि गिऱ्हाइकाने, म्हणजे मी, थेट त्याच्याकडे मागणी नोंदवून थांबायला शिकावं. साडी सणाला नाही मिळाली तर पुढच्या सणाला नेसावी.

त्या गल्लीत एका घरी म्हाताऱ्या बाई मागावर होत्या. ताणा गडद जांभळा, बाणा केशरी. कापड हललं की रंग पालटत होता. "धूपछाव," मावशी म्हणाली. बाईंना तो शब्द कळायचं कारण नव्हतं, पण त्यांनी धोटा थांबवला आणि कापडाची कड तिच्या हातात दिली. मावशीने सवयीने ते उलटं करून बघितलं. मागची बाजूही तितकीच स्वच्छ. ती त्यांच्याकडे बघून हसली, मग मला म्हणाली, "विचार ना त्यांना, एवढं विणायला किती दिवस लागले." मी विचारलं. बाईंनी एका हाताची पाच बोटं दाखवली, जरा थांबल्या, आणि दुसऱ्या हाताची दोन.

मावशीने ते कापड घेतलं. भाव केला नाही. परतीच्या होडीत पाणी उडायला लागलं तसं मी ताडपत्री ओढून धरली आणि तिने पुडकं पदराखाली घेतलं. जरा वेळाने म्हणाली, "डिसेंबरात तू आलीस की येवल्याला जाऊ. दुकानात नको. गल्लीत जाऊ."