‘खुणा विसरा, कानानं टायमिंग लावा’ : या सल्ल्यात नेमकं काय चुकतं

जुन्या कार्बोरेटरवाल्या गाड्या जपणाऱ्यांमध्ये एक सल्ला जोरात फिरतो आहे. व्हॉट्सॲपवर येतो, छोट्या व्हिडिओंत दिसतो, गॅरेजच्या बाकड्यावर ऐकू येतो. थोडक्यात तो असा: पद्मिनी, ॲम्बॅसेडर, जुनी मारुती ८०० यांचं टायमिंग (प्लगची ठिणगी पडायची वेळ) लावायला इंजिनाच्या पुलीवरच्या खुणा बघायची गरज नाही. इंजिन चालू करा, डेल्कोचा (प्लगांना ठिणगी वाटणाऱ्या डिस्ट्रिब्युटरचा) नट ढिला करा, डेल्को हळूहळू फिरवा आणि इंजिनाचा वेग जिथं सगळ्यात चढेल तिथं नट आवळा. सोबत कारणंही दिलेली असतात. इंजिन जिथं खूश, तेच त्याचं खरं टायमिंग. खुणा जुन्या पेट्रोलसाठी होत्या. टायमिंग जितकं पुढं, म्हणजे ठिणगी जितकी आधी, तितकं ॲव्हरेज. जुने मिस्त्री कानानंच लावायचे. टायमिंग लाइटशिवाय (ठिणगीबरोबर लुकलुकणाऱ्या दिव्याशिवाय) खुणा जुळवणं घरी जमत नाही. आणि डेल्कोत पॉइंटच्या जागी इलेक्ट्रॉनिक किट बसवला की विषयच संपतो.

हा सल्ला टिकून आहे, कारण तो पाळल्यावर लगेच काहीच बिघडत नाही. उलट गाडी दारात उभी असताना आधीपेक्षा गोड चालते. नुकसान होतं ते नंतर, कसाऱ्याच्या किंवा खंबाटकीच्या चढावर, चार माणसं आणि सामान घेऊन, दुपारच्या उन्हात. तोपर्यंत डेल्को फिरवल्याला महिने झालेले असतात आणि दोष पेट्रोलवर किंवा रेडिएटरवर जातो.

पहिलं कारण सगळ्यात पटण्यासारखं वाटतं, म्हणून त्याच्याकडे सगळ्यात जास्त लक्ष द्यायला हवं. स्लोवर, म्हणजे ॲक्सिलरेटर न दाबता, चालणारं इंजिन ‘खूश’ का होतं? प्लगची ठिणगी पडली की मिश्रण एका क्षणात पेटत नाही, ज्वाळा पसरायला वेळ लागतो. म्हणून पिस्टन टीडीसीला (त्याच्या सगळ्यात वरच्या जागेला) पोचायच्या थोडं आधी ठिणगी पडावी लागते. ८०० आरपीएमला क्रँक (पिस्टन ज्याला फिरवतात तो दांडा) एका मिलिसेकंदात ४.८ अंश फिरतो, ३००० आरपीएमला १८ अंश. वेग वाढेल तशी ठिणगी आणखी आधी पडायला हवी. हे काम डेल्कोच्या आतली दोन वजनं करतात. ती बाहेर फेकली जातात, स्प्रिंगा ताणतात आणि टायमिंग आपोआप पुढं नेतात.

आता स्लोवरची गोष्ट वेगळी. थ्रॉटल (कार्बोरेटरमधलं हवेचं झाकण) जवळजवळ बंद असतो, सिलिंडरमध्ये मिश्रण थोडंसंच येतं आणि त्यात मागच्या फेरीचा जळका वायू मिसळलेला असतो. असं पातळ मिश्रण फार सावकाश जळतं. त्यामुळे त्याला ठिणगी २५-३० अंश आधी मिळाली तरी चालते, आणि वेगही वाढतो. पण स्लोवर कामच नसतं. भार नाही, दाब नाही, उष्णता नाही. कान जी जागा शोधून देतो ती या बिनभाराच्या अवस्थेची असते. गाडीच्या पुस्तकात दिलेलं स्लोवरचं टायमिंग साधारण एक आकडी अंशांत किंवा त्याच्या आसपास असतं. ते इतकं कमी ठेवलेलं असतं, कारण त्यावर वजनांची भर पडायची असते. कानानं २० अंशांवर डेल्को आवळला आणि वजनांनी वर २५ अंश घातले, तर पूर्ण भाराखाली ४५ अंश होतात. त्या काळची बहुतेक इंजिनं भाराखाली तीस-पस्तीसच्या पुढं नीट राहत नाहीत.

मग काय होतं? पिस्टन अजून वर चाललेला असताना दाब चढतो, उरलेलं मिश्रण स्वतःहून भडकतं आणि इंजिन नॉकिंग करायला लागतं. ओळखीतल्या एका पद्मिनीचं हेड उघडलं तेव्हा मी शेजारीच उभा होतो. तिचं टायमिंग याच पद्धतीनं लावलेलं होतं. प्लग आधी काढले होते. दोन प्लगांच्या पांढऱ्या पोर्सेलीनवर बारीक चकचकीत ठिपके होते, पिस्टनच्या ॲल्युमिनिअमचे. हेड निघाल्यावर तिसऱ्या पिस्टनच्या माथ्याची एक कड खरवडल्यासारखी दिसली आणि पिस्टन बाहेर काढल्यावर वरच्या रिंगच्या खाचेखालची भिंत तुटलेली निघाली. हेड गॅस्केट दोन सिलिंडरांच्या मध्ये जळालं होतं. गाडी तोवर स्लोवर सुंदर चालत होती.

आणखी एक खोच. स्लोचा स्क्रू जास्त आवळलेला असेल, तर वजनं आधीच थोडी उघडलेली असतात. कार्बोरेटरला कुठून हवा लागत असेल, तर इंजिनाची चाल निराळीच. कान या सगळ्यांची बेरीज ऐकतो. त्यातला टायमिंगचा वाटा किती, हे त्याला वेगळं सांगता येत नाही.

पेट्रोलच्या मुद्द्यात थोडं तथ्य आहे, ते मान्य करायला हवं. या गाड्या रस्त्यावर आल्या तेव्हा आपल्याकडच्या साध्या पेट्रोलचा ऑक्टेन (नॉकिंगला विरोध करण्याचा आकडा) आजच्यापेक्षा कमी असे. त्यात शिसं असायचं, ते १ फेब्रुवारी २००० पासून देशभर बंद झालं. आज पंपावर मिळणाऱ्या साध्या पेट्रोलचा ऑक्टेन ९१ किंवा त्याहून वर आहे, आणि मिसळलेलं इथेनॉल नॉकिंगला चांगला विरोध करतं. पद्मिनीच्या १०८९ सीसीच्या इंजिनाचं कॉम्प्रेशन आजच्या मानानं कमीच. त्यामुळे पुस्तकातल्या आकड्यापेक्षा दोन-तीन अंश पुढं तिला सोसू शकतं, आणि काही गाड्या त्यावर खरंच चांगल्या ओढतात. पण दोन-तीन अंश कुठून मोजायचे? खुणेपासूनच. पेट्रोल बदललं म्हणून खूण निकामी होत नाही, उलट जास्त लागते, कारण आता पुस्तकाला थोडं सोडून जायचं असतं आणि किती सोडलं ते माहीत असावं लागतं. पुलीचा परीघ ४४० मिलिमीटर असेल, तर एक अंश म्हणजे जेमतेम सव्वा मिलिमीटर. डोळ्यांपुढं खूण नसताना हाताला एवढा अंदाज येत नाही. (इथेनॉलमुळे मिश्रण पातळ होऊन गाडी खोकत असेल, तर तो कार्बोरेटरच्या जेटचा, पेट्रोल सोडणाऱ्या बारीक भोकाचा, प्रश्न आहे. तो डेल्को फिरवून सुटत नाही.)

याच ओघात गॅसच्या गाड्यांबद्दल. सीएनजी पेट्रोलपेक्षा सावकाश जळतो आणि त्याचा ऑक्टेनही पुष्कळ वरचा, म्हणून सीएनजीवर चालणाऱ्या गाड्यांचं टायमिंग काही अंश पुढं ठेवतात. मुंबईच्या काळ्यापिवळ्या पद्मिनींपैकी कितीतरी सीएनजीवर धावल्या. तुमची गाडी आधी गॅसवर चालत असेल आणि आता गॅसचा किट काढून ती फक्त पेट्रोलवर चालवत असाल, तर टायमिंग खुणेवर तपासाच. गॅससाठी पुढं नेलेला डेल्को तसाच राहिलेला असू शकतो.

‘जितकं पुढं तितकं ॲव्हरेज’ हे तर सरळ चुकीचं आहे. टायमिंग मागं पडलेलं असेल, तर ते जागेवर आणल्यानं ॲव्हरेज, पिकअप आणि गरम होणं हे तिन्ही सुधारतात. लोक जे अनुभव सांगतात ते बहुतेक इथले असतात. जागेच्या पलीकडे मात्र दाब पिस्टनला वर येतानाच मागं ढकलायला लागतो, म्हणजे इंजिन स्वतःशीच भांडतं आणि पेट्रोल वाया जातं. गरम इंजिन चालू करताना स्टार्टर अडखळतो, उलटा झटका देतो, तीही याचीच खूण.

आता जुन्या मिस्त्रींबद्दल. त्यांच्या नावावर हा सल्ला खपवला जातो याचं मला फार वाईट वाटतं. ज्या मिस्त्रींनी उभं आयुष्य एकाच मॉडेलच्या गाड्यांवर काढलं, त्यांच्या कानाला तोड नाही. पण ते कामाला सुरुवात कशानं करायचे? डेल्कोची कॅप काढून सीबी पॉइंट (उघडताच ठिणगी पाडणारा स्विच) बघायचे, फट मोजायला फीलर गेज घालायचे, हँडलनं किंवा टॉप गिअरमध्ये गाडी ढकलून पुलीची खूण जागेवर आणायचे आणि पॉइंटमध्ये पातळ कागदाची पट्टी धरायचे. पट्टी ज्या क्षणी सुटते, त्या क्षणी पॉइंट उघडतो. कान त्यानंतर, रस्त्यावर. हा क्रम उलटा करून फक्त शेवटची पायरी पुढं पाठवली जाते आहे.

‘टायमिंग लाइटशिवाय घरी जमत नाही’ हे म्हणणं खोडायला बारा व्होल्टचा एक साधा बल्ब आणि दोन वायरी पुरतात. पॉइंटवाल्या गाडीत आधी पॉइंटचं गॅप लावा, टायमिंग नंतर. कारण गॅप बदललं की टायमिंग हलतं: गॅप वाढलं तर पुढं जातं, घटलं तर मागं. पॉइंटचा फायबरचा तुकडा झिजत जातो तसं गॅप कमी होतं आणि महिन्यागणिक टायमिंग मागं सरकत राहतं. गॅपचा आकडा आपल्या गाडीच्या पुस्तकातून घ्या, दुसऱ्या मॉडेलचा नको.

मग सगळे प्लग काढा. एक नंबरच्या भोकावर अंगठा ठेवून इंजिन हातानं फिरवा. अंगठा बाहेर ढकलला जायला लागला की तो कॉम्प्रेशनचा स्ट्रोक. हे बघणं गरजेचं, कारण पुलीची खूण दोन फेऱ्यांत दोनदा जागेवर येते आणि त्यातली एकच आपल्या कामाची. १-३-४-२ असा फायरिंग ऑर्डर असलेल्या पद्मिनी आणि ॲम्बॅसेडरमध्ये एक आणि चार नंबरचे पिस्टन एकत्रच वर येतात, म्हणून इथं फसायला होतं. रोटरचं (डेल्कोत फिरणाऱ्या तुकड्याचं) तोंड कॅपवरच्या एक नंबरच्या वायरीकडे आहे का, तेही बघा. आता बल्बची एक वायर कॉइलकडून डेल्कोला येणाऱ्या बारीक वायरीच्या टर्मिनलला, दुसरी बॉडीला. चावी चालू करा. पॉइंट बंद असताना बल्ब विझलेला राहतो, उघडताच पेटतो. इंजिन त्याच्या नेहमीच्या दिशेनं सावकाश फिरवत पुस्तकात दिलेल्या अंशाच्या खुणेवर आणा, डेल्को ढिला करून बल्ब नेमका पेटतो तिथं धरा आणि आवळा. खूण ओलांडली गेली, तर नुसतं मागं आणू नका. चांगलं मागं जाऊन पुन्हा नेहमीच्या दिशेनं खुणेवर या, म्हणजे चेन आणि दात्यांमधली ढिलाई मोजमापात येत नाही. चावी फार वेळ चालू ठेवू नका, कॉइल तापते.

खूणच चुकीची असेल तर? ही शंका रास्त आहे. काही इंजिनांच्या पुलीत आतली आणि बाहेरची कडी रबराच्या थरानं जोडलेली असते. रबर जुनं झालं की बाहेरची कडी सरकते आणि खूणही तिच्याबरोबर. कधी पुली दुसऱ्याच गाडीची बसवलेली असते. याचीही तपासणी घरी होते. जुन्या प्लगचं पोर्सेलीन काढून त्याच्या कडीत एक बोथट बोल्ट पक्का बसवा आणि एक नंबरच्या भोकात लावा. बॅटरीची वायर आधी काढून ठेवा. इंजिन अगदी हलक्या हातानं फिरवा, पिस्टन बोल्टला टेकला की पॉइंटरसमोर पुलीवर खडूनं रेघ मारा. मग उलट दिशेनं फिरवून पुन्हा टेकवा, दुसरी रेघ. दोन रेघांचा बरोबर मध्य म्हणजे खरा टीडीसी. जुनी खूण त्याच्याशी जुळली तर ठीक, नाही तर नवी करा आणि परीघाला ३६० नं भागून अंश मोजून घ्या.

टायमिंग लाइट असेल तर उत्तमच, कारण चालत्या इंजिनात वजनं काम करतात का ते फक्त तिच्यातच दिसतं. आरपीएम वाढवताना खूण एकसंध सरकायला हवी. अडकून उडी मारत असेल, तर डेल्कोच्या आतलं ग्रीस वाळलं आहे. ज्या डेल्कोला व्हॅक्यूमची डबी (इंजिनाच्या ओढीनं टायमिंग हलवणारी) आहे, तिची नळी आधी काढून तिचं तोंड बंद करा. आणि एक गोष्ट फार गंभीरपणे सांगतो: त्या लाइटच्या प्रकाशात फिरता पंखा आणि पट्टा स्थिर उभे असल्यासारखे दिसतात. हात, ओढणी, सैल बाही तिथं जाऊ देऊ नका.

इलेक्ट्रॉनिक किट चांगलाच असतो, झिजणारा फायबर त्यात नसतो. पण त्याची ठिणगी पॉइंटपेक्षा वेगळ्या जागी पडते, म्हणून तो बसवल्यावर टायमिंग नव्यानं लावावंच लागतं, आणि तिथं बल्बची युक्ती सहसा चालत नाही, लाइट लागते. चावी नुसती चालू ठेवल्यानं काही किटांचे मॉड्यूल जळतात. चेनची ढिलाई आणि डेल्कोच्या बुशाची झीज किट बसवून जात नाही.

सगळं झाल्यावर कान लावा, जरूर लावा. इंजिन पूर्ण तापू द्या, तिसऱ्या गिअरमध्ये हलक्या चढावर वेग कमी असताना ॲक्सिलरेटर दाबा. टकटक ऐकू आली, तर दोन अंश मागं घ्या आणि तो आकडा वहीत लिहा. डेल्कोचा नट आवळल्यावर खूण पुन्हा एकदा बघा, आवळताना डेल्को थोडा फिरतोच.